धारेचा निवाडा

महाराष्ट्राचे सर्वोच्च शिखर कळसूबाई हे सह्याद्रीच्या मुख्य धारेवर नाही. १६४६ मीटर उंचीचा तो माथा मुख्य धारेपासून पूर्वेकडे निघालेल्या एका फाट्यावर उभा आहे. त्याच्या उत्तर उतारावर पडलेला पाऊस दारणेला मिळतो, दक्षिण उतारावरचा प्रवरेला, आणि दारणा काय अथवा प्रवरा काय, दोघींचेही जल अखेर गोदावरीच्याच पात्रात जाते. राजगड आणि तोरणा हे पूर्वेकडच्या सोंडांवर वसले आहेत, प्रतापगड पश्चिमेकडे सुटलेल्या सोंडेवर, आणि रायगड तर काळ व गांधारी या नद्यांच्या खोऱ्यांनी मुख्य रांगेपासून विलग केलेल्या एका स्वतंत्र डोंगरावर. ज्या स्थळांच्या नावांनी सह्याद्री मराठी मनात घर करून राहिला आहे, त्यांपैकी कितीतरी स्थळे अशी मूळ धारेच्या बाहेर, तिच्या अंगोपांगांवर आहेत.

मग मुख्य धार म्हणजे काय, आणि ती कोणी ठरवावी? यंदाच्या अंकासाठी संपादकांनी 'सरहद्द' हा विषय योजिला, तेव्हा राज्या-राज्यांच्या आणि तालुक्या-तालुक्यांच्या हद्दींपेक्षा, मोजणीखात्याने रोवलेल्या दगडांपेक्षा, माझ्या मनात प्रथम आली ती हीच रेषा; कारण तापीच्या खोऱ्यापासून कन्याकुमारीच्या परिसरापर्यंत सुमारे सोळाशे किलोमीटर धावणाऱ्या या पर्वतावर जिच्या एका अंगास पडलेला पाऊस अरबी समुद्रास आणि दुसऱ्या अंगास पडलेला बंगालच्या उपसागरास जातो, अशी ती एकमेव सरहद्द आहे. उंचीला येथे मान नाही. आसपासच्या शिखरांहून चार-पाचशे मीटर खाली असलेली, गुरे चरत असलेली एखादी साधी खिंडही मुख्य धारेवर असू शकते, आणि तिच्याशेजारी आकाशाला भिडलेला सुळका धारेबाहेर राहतो. निवाडा करायचा तो पाण्याने. तो निवाडा प्रत्यक्ष कसा होतो, आणि माणसाने तो कोठे कोठे फिरविला आहे, हे पाहण्यासाठी मी या धारेच्या काही निवडक जागा हिंडून आलो.

आहुप्याचा कडा

आंबेगाव तालुक्यात, डिंभे धरणाच्या जलाशयाच्या काठाकाठाने पश्चिमेकडे जाणारा रस्ता अगदी शेवटी ज्या गावी संपतो, ते आहुपे. वस्ती महादेव कोळ्यांची. भाताची खाचरे, उतारावर नाचणी आणि वरई, आणि त्यांच्याइतकाच महत्त्वाचा हिरडा. कोवळेपणी वेचून वाळविलेला बाळहिरडा औषधासाठी विकला जातो आणि त्या रोकडीवर कितीतरी घरांचा वर्षाचा मीठमिरचीचा खर्च भागतो. गावाची देवराई अद्याप दाट आहे. गावापासून थोडे चालत गेले की जमीन एकाएकी संपते, आणि सात-आठशे मीटर खाली मुरबाडचा मुलूख, गोरखगड आणि मच्छिंद्रगडाचे सुळके, डाव्या हातास सिद्धगड, असे सारे कोकण उघडे पडते. भाद्रपद सरत आला होता, धुके अधूनमधून कड्यावरून उसळून वर येत होते आणि वर येताच विरत होते.

माझ्याबरोबर गावातले एक वयस्क गृहस्थ होते. हिरड्याच्या दिवसांत रोज याच कडेकपारींत झाडावर चढणारे. कड्यापासून मोजून काही पावलांवर एक ओहोळ पूर्वेकडे वाहत होता. तो कड्याकडे का जात नाही, असे मी विचारले. ते म्हणाले, "जमिनीचा उतारच तिकडं हाय ना साहेब. इकडचं पाणी डिंभ्याला जातंय, तिकडचं मुरबाडला. आमी मधी. उन्हाळ्यात दोन्हीकडचं न्हाई मिळत."

त्या ओहोळाचे पाणी घोड नदीस मिळते, घोड भीमेस, भीमा कृष्णेस. आणि आंध्रच्या किनाऱ्यापर्यंत हजाराहून अधिक किलोमीटरांचा प्रवास त्यास करावा लागतो. कड्यावरून पलीकडे कोसळलेले पाणी उल्हास नदीच्या खोऱ्यात उतरून शंभर-सव्वाशे किलोमीटरांत खाडीला लागते. दोन्ही प्रवाहांचा उगम एकाच सरीत, एकमेकांपासून हाकेच्या अंतरावर. अशी ही विषम वाटणी धारेवर सर्वत्र दिसते. पूर्वेचा उतार सौम्य, रुंद, दऱ्याखोऱ्यांतून रमतगमत देशावर उतरणारा. तेथेच मावळ आणि खोरी वसली. पश्चिमेचा उतार म्हणजे कडा, त्याखाली झाडीने झाकलेला पदर, पुन्हा कडा, आणि मग कोकण.

लाव्हाचे थर आणि मागे सरणारा कडा

या विषमतेचे मूळ अतिप्राचीन आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी, पृथ्वीच्या पोटातून भेगांवाटे निघालेला लाव्हा पुनःपुन्हा पसरत गेला आणि त्याचे थर एकावर एक साचून दख्खनचे पठार झाले. कोणत्याही घाटात मान वर करून पाहिले तर हे थर आडव्या पट्ट्यांसारखे स्वच्छ मोजता येतात: कठीण, अभंग पाषाणाचा थर उभ्या कड्याच्या रूपाने उरतो, त्यावरचा सच्छिद्र, मऊ थर झिजून उताराचा पदर होतो, आणि दोहोंच्या मध्ये कोठे कोठे लालसर मातीचा पातळ पट्टा दिसतो. हा तांबडा पट्टा दोन उद्रेकांच्या मधल्या विश्रांतीची खूण मानतात. पाणी वरच्या भेगाळ खडकातून झिरपत येऊन अशाच अभेद्य थरावर अडते व बाजूने बाहेर फुटते. म्हणून डोंगरातले झरे वाटेल तेथे न सापडता ठरावीक पातळीवर ओळीने सापडतात, आणि किल्ले बांधणाऱ्यांनी टाकी खोदली तीही ही पातळी ओळखूनच.

पुढे भारताचा पश्चिम किनारा भूभागाच्या मोठ्या तुकड्यापासून विलग झाला. त्या भंगात पठाराची पश्चिम कड उचलली गेली व तिच्यापलीकडची भूमी खाली गेली, असे भूशास्त्रज्ञ मानतात. म्हणूनच महाबळेश्वरी, समुद्रापासून अवघ्या साठ-पासष्ट किलोमीटरांवर उगम पावणारी कृष्णा जवळच्या समुद्राकडे पाठ फिरवून सारा द्वीपकल्प ओलांडते; आणि त्र्यंबकच्या ब्रह्मगिरीवर उगम पावणारी गोदावरीही तेच करते.

मात्र धार जेथे होती तेथे ती राहिलेली नाही. पश्चिमेच्या नद्या आखूड आणि उतार तीव्र, म्हणून त्यांची खोदण्याची शक्ती मोठी. त्या आपल्या उगमाकडे, अर्थात पूर्वेकडे, कडा कोरीत चालल्या आहेत. लोणावळ्यास उभे राहिले की याचा पुरावा डोळ्यांसमोर असतो. इंद्रायणीचे खोरे तेथे केवढे तरी रुंद आणि सपाट आहे, आणि त्यातून वाहणारी नदी उगमाशी अगदी क्षीण. आणि ते रुंद खोरे पश्चिमेस हळूहळू निमुळते न होता खंडाळ्याच्या कड्यावर मध्येच तुटल्यासारखे थांबते. भूरूपांचे अभ्यासक असे खोरे दाखवून सांगतात की त्याचा वरचा भाग कड्यासह नष्ट झाला, आणि कधीकाळी इंद्रायणीस मिळणारे पाणी आता उल्हासच्या दरीत पडते. नकाशावर निश्चल दिसणारी ही सरहद्द अशी पूर्वेकडे सरकत आहे. फक्त तिचे पाऊल मनुष्याच्या आयुष्यात मोजण्याजोगे नाही.

कधी कधी मात्र डोंगर एका रात्रीत सरकतो. आहुप्याच्याच वाटेवर माळीण लागते. ३० जुलै २०१४ रोजी पहाटेनंतर डोंगराची बाजू गावावर आली आणि दीडशेच्या आसपास माणसे चिखलाखाली गेली. २०२१च्या जुलैत महाडजवळचे तळिये, २०२३च्या जुलैत खालापूरची इर्शाळवाडी. कठीण खडकावर बसलेली झिजलेल्या खडकाची व मातीची जाड साय अतिवृष्टीने भिजून जड होते आणि खालच्या गुळगुळीत थरावरून निसटते, ही यातली मूळ प्रक्रिया. पण उतार कापून काढलेले रस्ते, सपाटीकरण केलेली जमीन आणि तुटलेली झाडी यांनी ती किती सुलभ केली, हा प्रश्न प्रत्येक दुर्घटनेनंतर चार महिने विचारला जातो आणि मग पुढच्या पावसाळ्यापर्यंत दप्तरात बांधून ठेवला जातो. माझ्या मते या धारेविषयीचा आजचा सर्वांत गंभीर प्रश्न हाच आहे. प्राध्यापक माधव गाडगीळ यांच्या अध्यक्षतेखालील समितीने २०११ साली पश्चिम घाटाविषयी जो अहवाल दिला, त्यात गावांच्या संमतीने कोणत्या उतारावर काय करू नये हे ठरविण्याचा मार्ग दाखविलेला होता. त्यावर ग्रामसभांतून शांतपणे चर्चा व्हावयास हवी होती, ती फारच थोड्या ठिकाणी झाली.

दारे, नाळी आणि जकात

ज्या रेषेवर पाणी दुभंगते तीच माणसांनी हजारो वर्षे ओलांडली आहे, आणि ओलांडण्याच्या जागाही पाण्यानेच करून दिल्या आहेत. कडा जेथे ओढ्याने चिरला असेल तेथे नाळ. जेथे दोन माथ्यांमध्ये धार खाली वाकली असेल तेथे खिंड. आणि जेथे गुरे व बैल नेता येतील इतका उतार मिळाला तेथे घाट. आजही धारेवरच्या गावकऱ्यांना आपल्या हद्दीतल्या सर्व वाटा ठाऊक असतात: कोणती गुरांची, कोणती शिडीची, कोणत्या वाटेने पावसाळ्यात जाऊच नये.

या वाटांचा राजा म्हणजे जुन्नरचा नाणेघाट. सातवाहनांच्या काळी कल्याण आणि सोपारा या बंदरांतून जुन्नर व पैठणकडे जाणारा माल येथून चढत असे. घाटाच्या माथ्याशी कोरलेल्या गुहेत राणी नागनिकेचा ब्राह्मी शिलालेख आहे. त्यात यज्ञांची आणि दक्षिणांची नोंद आहे, आणि त्या दक्षिणांच्या आकड्यांमुळे तो अंकलेखनाच्या इतिहासातही महत्त्वाचा ठरला आहे. माथ्यावरचा दगडी रांजण जकातीचा, असे पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले आहेत. शेजारचा जीवधन, मागे चावंड, हडसर आणि शिवनेरी: एका खिंडीवर अंमल ठेवण्यासाठी किल्ल्यांची अशी मालिका उभी करावी लागली, यावरूनच त्या वाटेच्या उत्पन्नाची कल्पना येते.

महाराष्ट्रात आगगाडीने ही धार दोन ठिकाणी ओलांडली: पुण्याकडे बोरघाटाने १८६३ साली, आणि त्यानंतर दोन वर्षांनी कसाऱ्याकडून थळघाटाने. दोन्हीकडे चढण सदतीसास एक, म्हणजे सदतीस फूट पुढे गेले की एक फूट वर. बोरघाटाच्या कंत्राटदाराचा, सॉलोमन ट्रेडवेलचा, काम हाती घेतल्यावर अल्पावधीतच मृत्यू झाला, आणि त्याची पत्नी ॲलिस हिने ते कंत्राट पुढे चालविले. दरडी, कॉलरा आणि ज्वर यांनी हजारो मजूर या कामावर दगावले; त्यांची नावे कोठेही कोरलेली नाहीत, आणि घाटातून जाताना मला ती उणीव प्रत्येक वेळी जाणवते. खोपोलीच्या बाजूस शिंग्रोबाचे देऊळ आहे. ज्याने साहेबाला घाटाची वाट दाखविली तो हा धनगर, अशी कथा त्या मुलखात प्रसिद्ध आहे, आणि गाडी हाकणारे आजही तेथे नाणे टाकून पुढे जातात.

कर्जत स्थानकावर उभे राहून पाहावे ती गोष्ट वेगळीच. मुंबईहून पुण्यास निघालेली गाडी येथे थांबते ती केवळ वड्यांसाठी थांबत नाही. गाडीच्या शेपटाला जादा इंजिने जोडली जातात. त्यांना रेल्वेची माणसे बँकर म्हणतात. पुढचे इंजिन ओढते, मागची ढकलतात, आणि बोगद्यांमागून बोगदे ओलांडीत गाडी लोणावळ्यास पोचली की बँकर सुटतात व पुन्हा खाली जातात. दीडशे वर्षांत वाफ गेली, वीज आली, घाटात गाडीची दिशा उलटविण्याचे जुने स्थानक १९२९ साली नवीन मार्गाने टाळले गेले. पण सह्याद्रीची चढण जितकी होती तितकीच राहिली आहे.

उलटे फिरविलेले पाणी

महाबळेश्वरच्या पंचगंगा देवालयात कृष्णा, वेण्णा, कोयना, सावित्री आणि गायत्री या पाच नद्यांची धार एकाच गोमुखातून पडते. श्रद्धेने एकत्र आणलेल्या या पाचांपैकी सावित्री पश्चिमेकडे उतरून बाणकोटच्या खाडीला मिळते. कोयना मात्र करते ते अपूर्व आहे. महाबळेश्वराहून निघाल्यावर ती पूर्वेकडे वळत नाही. मुख्य धारेच्या पाठीशी, तिला समांतर, सरळ दक्षिणेकडे साठ-पासष्ट किलोमीटर वाहत येते, आणि हेळवाकजवळ काटकोनात वळून कऱ्हाडला कृष्णेच्या प्रीतिसंगमाकडे जाते. नदी आणि कोकण यांच्यामध्ये एवढ्या अंतरावर डोंगराची एकच भिंत उरते. वासोट्यावरून पाहिले तर एका हातास शिवसागराचे, म्हणजे कोयना धरणाच्या जलाशयाचे, निळे पाणी आणि दुसऱ्या हातास कोकणात तुटलेली खोल दरी, आणि मधल्या भिंतीची जाडी पाहून अभियंत्यांच्या मनात काय आले असेल हे कोणासही उमगते.

ही कल्पना प्रथम उत्तरेकडे आकारास आली. टाटांनी लोणावळ्याच्या परिसरात तलाव बांधून १९१५ साली खोपोलीस वीज निर्माण केली. पुढे १९२२ साली भिवपुरी, १९२७ साली भिरा. पूर्वेकडे, भीमेकडे जाणारे पाणी धारेवर अडवायचे, डोंगर फोडून पश्चिमेस न्यायचे, नळांतून कड्याखाली सोडायचे: तत्त्व इतके सोपे आहे. भिऱ्यासाठी मुळशीचे खोरे बुडाले. आपली भाताची जमीन सोडण्यास नकार देऊन मावळे शेतकरी १९२१ साली सत्याग्रहास बसले, सेनापती बापट त्यांच्या अग्रभागी होते, आणि मोठ्या धरणाविरुद्ध शेतकऱ्यांनी दिलेला देशातला हा आद्य लढा गणला जातो. धरण झालेच. मुंबईच्या गिरण्या आणि आगगाड्या ज्या पाण्यावर चालल्या ते या खोऱ्यांचे पाणी होते, ही गोष्ट मुंबईच्या इतिहासात ठळक अक्षरांनी लिहावयास हवी.

भिऱ्याच्या वीजघरातून बाहेर पडलेले पाणी कुंडलिकेस मिळते. कोलाडजवळ भर वैशाखात सकाळच्या प्रहरी नदीला पूर आल्यासारखे पाणी चढते, रबरी होड्यांतून पर्यटक खळाळत खाली जातात, आणि काही तासांनी पात्र पुन्हा उतरते. पाऊस नसताना नदीची ही भरती-ओहोटी शहराच्या विजेच्या मागणीवर चालते. खाली रोह्याचे कारखाने याच पाण्यावर उभे आहेत.

कोयनेचा व्याप याहून फार मोठा. १०५ अब्ज घनफुटांचा जलाशय, भिंतीपलीकडे पोफळीची भूमिगत वीजघरे, आणि तेथून वाशिष्ठीत सोडलेले पाणी. ११ डिसेंबर १९६७च्या पहाटेचा भूकंप त्या परिसरात अजून कालगणनेसारखा वापरतात. भूकंपाआधी आणि भूकंपानंतर. कृष्णा पाणीतंटा लवादाने कोयनेतून पश्चिमेस न्यावयाचे पाणी वर्षाला ६७.५ अब्ज घनफूट असे ठरवून दिले. देशावरील दुष्काळी तालुक्यांतील माणसास हा आकडा खुपतो, आणि ते साहजिक आहे. परंतु राज्याच्या विजेच्या ऐन मागणीच्या घटकेस तत्काळ धावून येणारे असे दुसरे साधन दुर्मीळ आहे, हेही तितकेच खरे. आता उत्तरेत याच्या उलट, दमणगंगा आणि वैतरणेचे पाणी वर उचलून गोदावरीच्या खोऱ्यात टाकण्याच्या योजना मांडल्या जात आहेत. एकाच धारेवरून पाणी एकीकडे पाडायचे आणि दुसरीकडे चढवायचे, या दोन्हींचा हिशेब कधीतरी एकाच पटावर मांडला गेला पाहिजे.

माथ्यावरची तहान

या सर्व हिशेबात माथ्यावरच्या गावाचा रकाना कोरा राहतो. महाबळेश्वरी वर्षाला सहा हजार मिलिमीटरांच्या आसपास पाऊस पडतो, पूर्वेस थोड्याच अंतरावरील पाचगणीस त्याच्या निम्म्याहूनही कमी, आणि घाट उतरून वाईस गेले की हजारही भरत नाही. धारेवरचा मनुष्य अर्थात पाण्यात बुडालेला असावा. पण पेठ, सुरगाणा, इगतपुरी, शहापूर या तालुक्यांत चैत्रापासून टँकरची वाट पाहणारी गावे आहेत, आणि त्यांतील काहींच्या डोळ्यांसमोर मुंबईला पाणी देणारी धरणे भरलेली असतात. बेसाल्टाच्या पोटात पाणी साठण्यास जागा अल्प, उतार तीव्र, मातीचा थर पातळ. चार महिन्यांत पडलेले सारे चार महिन्यांतच उतरून जाते. एका पाड्यावर झऱ्याच्या खळग्यात बाया वाटीने पाणी भरताना मी पाहिल्या. एक हंडा भरण्यास जो वेळ लागत होता तेवढ्यात खालच्या धरणाच्या जलवाहिनीतून किती हंडे गेले असतील याची गणना करवत नाही. झऱ्याच्या वरच्या उताराची झाडी राखणे, झरा बांधून घेणे, माथ्यावर छोटी साठवण करणे, ही कामे फार खर्चाची नाहीत, आणि जेथे गावांनी ती नेटाने केली तेथे हंडे लवकर भरतात. मोठ्या धरणांच्या योजनेत गावासाठी पाण्याचा पहिला हक्क कागदोपत्री लिहून ठेवणे, हे मात्र अद्याप सरकारचेच काम आहे.

कणकुंबी

आंबोलीच्या दक्षिणेस लाव्हाचे थर विरळ होत जातात, आणि बेळगावच्या परिसरात त्यांच्याखालचे, त्यांच्याहून कितीतरी प्राचीन खडक उघडे पडतात. कड्यांची ती सरळ, थरांची रेघ नाहीशी होते; डोंगर गोलसर होतात, रान घनदाट होते. धार मात्र तशीच पुढे जाते, पुढे पालघाटची सुमारे तीस किलोमीटरांची फट सोडून अनैमुडीच्या २६९५ मीटरांपर्यंत चढते.

गोव्याहून चोर्ला घाट चढून खानापूर तालुक्यात शिरले की कणकुंबी हे मराठी बोलणारे गाव लागते. तेथे माउलीच्या देवळाशी मलप्रभा उगम पावते आणि पूर्वेकडे, कृष्णेकडे निघते. त्याच गावच्या शिवारातून कळसा नावाचा नाला पश्चिमेस जाऊन म्हादईला मिळतो, आणि म्हादई पुढे मांडवी होऊन पणजीस समुद्रात जाते. दोघांच्या मध्ये कोणी पर्वत म्हणेल असे काही नाही. बसच्या रस्त्याने जाणाऱ्यास मुख्य धार ओलांडल्याचे कळतही नाही. कळशाचे पाणी मलप्रभेत वळविण्यासाठी कर्नाटकाने येथे कालवा खोदला, गोव्याने हरकत घेतली, आणि २०१० साली नेमलेल्या लवादाने २०१८ साली दिलेल्या निवाड्यात कळसा व भांडुरा या दोन नाल्यांतून मिळून ३.९ अब्ज घनफूट पाणी मलप्रभेकडे नेण्यास मान्यता दिली. त्यावर पुन्हा सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली गेली आहे. हुबळी-धारवाडच्या नळांना पाणी हवे आहे. गोव्यातल्या सत्तरीच्या बागायतदारास उन्हाळ्यात नदी गोडी राहावयास हवी, नाहीतर भरतीचे खारे पाणी आणखी वर चढेल. कालव्याच्या काठावर गवत माजले आहे, आणि गावकरी त्याच्या दोन्ही अंगांना आपापली नाचणी लावतात.